देह आणि आत्मा यांचा वाद : जुने ख्रिस्ती साहित्य कसे वाचावे

ख्रिस्ती परंपरेतील एखादी जुनी कविता, प्रवचन किंवा दर्शनकाव्य वाचायला घेतले की बहुतेक वाचकांच्या मनात एक समजूत आधीच तयार असते : देह मलिन, आत्मा निर्मळ, देह तुरुंग, आत्मा कैदी, मृत्यू म्हणजे सुटका. ही समजूत इतकी सोयीची आहे की समोरच्या ओळीत तिच्या नेमके उलट लिहिलेले असले तरी ते नजरेतून निसटते. मीही अनेक वर्षे असेच वाचत आलो, आणि त्यामुळे या साहित्यातील जे सर्वांत विलक्षण आहे तेच माझ्या हाती लागत नव्हते. ख्रिस्ती श्रद्धेच्या मूळ विधानांमध्ये ‘आत्मा अमर आहे’ हे वाक्य अग्रभागी नाही. तिथे ‘शरीराचे पुनरुत्थान’ आहे. प्रेषितांचा म्हणून ओळखला जाणारा मतांगीकार, म्हणजे श्रद्धेची संक्षिप्त जाहीर कबुली, हेच शब्द उच्चारतो. देहाला टाकून देण्यासाठी नव्हे, तर तो परत मिळावा म्हणून वाट पाहणारी ही परंपरा आहे, आणि तरीही तिच्याच साहित्यात देहाला शिव्याशाप देणारी पानेच्या पाने आहेत. या दोन गोष्टी एकत्र कशा नांदतात हे समजून घेत वाचायचे असेल, तर मजकुराला काही ठरावीक प्रश्न विचारण्याची सवय लावून घ्यावी लागते. ते प्रश्न कोणते आणि ते कोणत्या क्रमाने विचारावेत, हे पुढे मांडले आहे.

आधी शब्द वेगळे करावेत

पेन्सिल हातात घ्यावी आणि मजकुरात जिथे जिथे आत्मा, जीव, प्राण, देह, शरीर, मांस, काया असे शब्द येतात तिथे खूण करावी. भाषांतर वाचत असाल तर हे काम अधिकच आवश्यक आहे, कारण मराठीतील ‘आत्मा’ हा शब्द रिकामा येत नाही. त्याच्यामागे उपनिषदांचा आणि गीतेचा मोठा अर्थसंचय आहे : न जन्मणारा, न मरणारा, शस्त्रांनी न तुटणारा. हिब्रू बायबलमधील कोणताही शब्द हा भार उचलत नाही.

हिब्रूमध्ये आपण ज्याचे भाषांतर ‘जीव’ किंवा ‘आत्मा’ असे करतो तो शब्द बहुधा नेफेश असतो. नेफेशचा एक मूर्त अर्थ गळा, घसा असा आहे. तिथून श्वास, तहान, भूक, ओढ, प्राण आणि शेवटी ‘मी स्वतः’ असा त्याचा विस्तार होतो. मराठी वाचकाला हे समजणे खरे तर सोपे आहे, कारण आपण ‘प्राण कंठाशी आले’ असे सहज म्हणतो. बायबलमधील एकोणसत्तराव्या स्तोत्राच्या आरंभी बुडणारा माणूस पाणी आपल्या नेफेशपर्यंत चढल्याचे सांगतो, तेव्हा तो अमूर्त आत्म्याविषयी बोलत नसतो. पाणी त्याच्या गळ्याशी आलेले असते. बेचाळिसाव्या स्तोत्रात हरिणीप्रमाणे देवासाठी तहानलेला असतो तो हाच नेफेश. याकोबाच्या घराण्यातील माणसे मोजताना सत्तर नेफेश म्हटले जाते, जसे आपण ‘घरात पाच जीव आहेत’ असे म्हणतो. इतकेच नव्हे, गणना या ग्रंथात प्रेतालाही ‘मृत नेफेश’ म्हटले आहे. जो शब्द प्रेतालाही लागू पडतो, तो देहाबाहेर पडून उडून जाणाऱ्या तत्त्वाचे नाव असू शकत नाही.

‘उत्पत्ती’ या बायबलच्या पहिल्या ग्रंथाच्या दुसऱ्या अध्यायातील सातवे वचन या दृष्टीने सावकाश वाचावे. देव जमिनीच्या मातीपासून माणूस घडवतो (आदाम आणि अदामा, माणूस आणि माती, हा हिब्रूतील श्लेष आहे), त्याच्या नाकपुड्यांत श्वास फुंकतो, आणि माणूस जिवंत नेफेश ‘होतो’. क्रियापद ‘होणे’ आहे, ‘मिळणे’ नाही. माणसाला जीव दिला असे ते वचन म्हणत नाही. मातीला श्वास मिळाला आणि ती मातीच जीव झाली. या एका क्रियापदावर पुढची सारी चर्चा तोलली गेली आहे, म्हणून इथे थोडा अधिक वेळ थांबायला हरकत नाही.

पुढे इसवी सनापूर्वीच्या तिसऱ्या शतकापासून हिब्रू ग्रंथांचे ग्रीक भाषांतर होऊ लागले आणि नेफेशच्या जागी बहुतेक ठिकाणी प्सुखे हा शब्द आला. प्सुखेला ग्रीक तत्त्वज्ञानात आधीच एक चरित्र होते. प्लेटोच्या ‘फायदो’ या संवादात सॉक्रेटिस विष पिण्यापूर्वी प्सुखेच्या अमरत्वाविषयी बोलतो आणि तत्त्वज्ञानाला मरणाची तयारी म्हणतो. ‘क्रातिलोस’मध्ये सोमा म्हणजे शरीर आणि सेमा म्हणजे थडगे अशी शब्दांची सांगड नोंदवलेली आहे. आपण ज्याला सरसकट ‘ख्रिस्ती विचार’ म्हणतो त्यातील देहद्वेषाचे मूळ पुष्कळदा या भाषांतराच्या सांध्यात सापडते. म्हणून मजकुरात ‘आत्मा’ दिसला की विचारावे : हा गळ्यातला श्वास आहे की प्लेटोचा कैदी? कित्येक कवींमध्ये दोन्ही असतात, आणि तसे असेल तर तेही नोंदवावे.

‘देह’ म्हणजे दर वेळी शरीर नव्हे

वाचकाचा सर्वांत मोठा घोटाळा बायबलच्या नव्या करारातील प्रेषित पौलाच्या पत्रांपाशी होतो. पौल दोन वेगळे ग्रीक शब्द वापरतो : सार्क्स आणि सोमा. सोमा म्हणजे शरीर. सार्क्सचा शब्दशः अर्थ मांस. मराठी बायबलमध्ये त्यासाठी बहुधा ‘देह’ किंवा ‘देहस्वभाव’ असे शब्द येतात. ‘देह आत्म्याविरुद्ध’ असे पौल लिहितो तेव्हा तो सार्क्सविषयी बोलत असतो, आणि वाचक ते शरीराविषयी आहे असे धरून चालतो.

हा घोटाळा दूर करण्याचा उपाय साधा आहे. गलतीकरांस पत्राच्या पाचव्या अध्यायातील ‘देहाच्या कर्मांची’ यादी घ्यावी आणि तिचे दोन भाग करावेत : शरीराशिवाय जी करता येणारच नाहीत ती कर्मे एका बाजूला, आणि मनाने, जिभेने, वृत्तीने होणारी दुसऱ्या बाजूला. व्यभिचार आणि मद्यपान पहिल्या बाजूला जातील. पण वैर, कलह, मत्सर, क्रोध, तट, फुटी, हेवा हे सारे दुसऱ्या बाजूला जाते, आणि यादीचा निम्म्याहून अधिक भाग तिकडेच भरतो. ज्याला पौल ‘देह’ म्हणतो तो माणूस आहे, देवाकडे पाठ फिरवून उभा असलेला संपूर्ण माणूस, त्याच्या बुद्धीसह आणि धार्मिकतेसह. तोच पौल करिंथकरांना लिहितो की तुमचे शरीर, सोमा, पवित्र आत्म्याचे मंदिर आहे. मंदिराचा कोणी तुरुंग म्हणून उल्लेख करीत नाही.

हिप्पोचा बिशप आणि धर्मचिंतक ऑगस्टीन याने हीच गोष्ट सर्वांत नेमकेपणे सांगितली आहे, आणि त्याला ती अनुभवातून कळली होती. तारुण्यात सुमारे नऊ वर्षे तो मानीच्या पंथात होता, जिथे जड पदार्थच दुष्ट मानला जाई. त्या मतातून बाहेर पडल्यावर ‘देवाचे नगर’ या ग्रंथाच्या चौदाव्या खंडात तो लिहितो की नाशवंत देहाने आत्म्याला पापी केले नाही, पापी आत्म्याने देहाला नाशवंत केले. त्याचा पुरावाही सरळ आहे : सैतानाला शरीर नाही, तरी गर्व आणि हेवा त्याच्याइतके कोणातच नाहीत. देहाला दोष देणारा कोणताही मजकूर वाचताना हा युक्तिवाद जवळ ठेवावा, कारण मध्ययुगातील कवींना तो माहीत होता आणि त्यांतील काहींनी तो चक्क देहाच्याच तोंडी घातला.

मजकूर कोणत्या क्षणी उभा आहे

ख्रिस्ती विचारात माणसाच्या कहाणीला काळाचा क्रम आहे : जन्म, मृत्यू, मधला प्रतीक्षाकाळ, आणि मग पुनरुत्थान. आत्मा देहाशिवाय असतो तो फक्त मधल्या काळात. म्हणून कविता हाती घेतल्यावर ती या रेषेवर कुठे घडते हे ठरवावे. देह-आत्म्याच्या वादाच्या बहुतेक कविता मुद्दाम मधल्या काळात उभ्या केलेल्या असतात, आणि त्यांतील कडवटपणा हा त्या काळाचा कडवटपणा असतो. तो अंतिम निर्णय नसतो.

तेराव्या शतकातील धर्मतत्त्वज्ञ थॉमस अक्वायनसने या मधल्या काळाविषयी जे म्हटले आहे ते मला या संपूर्ण विषयातील सर्वांत धीट विधान वाटते. करिंथकरांस पहिल्या पत्राच्या पंधराव्या अध्यायावर भाष्य करताना तो लिहितो, ‘माझा आत्मा म्हणजे मी नव्हे’. आणि पुढे म्हणतो की केवळ आत्मे तरले तर मी तरलो असे होत नाही, कोणताही माणूस तरला असे होत नाही. अक्वायनस आत्म्याला अमर मानत होता, त्याच्या अस्तित्वाविषयी त्याला शंका नव्हती; तरीही देहावाचूनचा आत्मा हा त्याच्या मते अपुरा माणूस आहे. यामागे ॲरिस्टॉटल आहे. आत्मा हे शरीराचे रूप आहे, आणि मेण व त्यावरचा ठसा एक आहेत की दोन हा प्रश्न जसा निरर्थक, तसाच आत्मा व शरीर एक आहेत की दोन हाही, असे ॲरिस्टॉटल म्हणतो. फ्रान्समधील व्हिएन येथील 1311 ते 1312 या काळातल्या धर्मपरिषदेने विवेकी आत्मा हे मानवी शरीराचे रूप आहे ही भूमिका चर्चची म्हणून मांडली.

पौलाचा तोच पंधरावा अध्याय स्वतः वाचताना दोन विशेषणांकडे लक्ष द्यावे. पेरले जाते ते शरीर ‘प्सुखिकोन’ आणि उठवले जाते ते ‘प्न्यूमातिकोन’. मराठीत ‘प्राणमय’ आणि ‘आध्यात्मिक’. दोन्हीकडे नाम एकच आहे, सोमा. नाश पावणाऱ्या शरीराचे विशेषण तर प्सुखेपासून, म्हणजे ‘आत्मा’ या शब्दापासूनच बनले आहे. याचा अर्थ इथे विरोध शरीर आणि आत्मा यांच्यात नाहीच. दोन शरीरांत आहे, एक स्वतःच्या प्राणावर जगणारे आणि दुसरे देवाच्या श्वासावर जगणारे. दाणा आणि रोप हे पौलाचे उदाहरण आहे, आणि त्यात दाणा फेकून दिला जात नाही.

मत्तयाच्या दहाव्या अध्यायातील अठ्ठाविसाव्या वचनात तर येशू म्हणतो की जो आत्मा आणि शरीर या दोहोंचा नरकात नाश करू शकतो त्याला भ्या. आत्मा स्वभावतःच अविनाशी आहे असे गृहीत धरणाऱ्याने हे वचन वाचून पुढे जाऊ नये, तिथे थांबावे.

कोण बोलतो आणि कोण गप्प आहे

आता कवितेकडे वळू. देह आणि आत्मा यांच्या वादाचे काव्य हा मध्ययुगीन युरोपातील एक भरभराटीचा प्रकार होता. तो वाचताना प्रत्येक भाषण कोणाचे आहे, त्याला उत्तर मिळते का, आणि शेवटचा शब्द कोणाला मिळतो, हे समासात लिहून ठेवावे. एवढ्या साध्या नोंदीने कवीची बाजू उघड होते.

जुन्या इंग्रजीतील एक कविता दहाव्या शतकाच्या उत्तरार्धातील दोन हस्तलिखितांत टिकली आहे. त्यांतील एक इटलीतील व्हेर्चेली येथे आहे आणि दुसरे इंग्लंडमधील एक्सेटर येथे. त्यात शापित आत्मा दर सातव्या रात्री आपल्या प्रेतापाशी येतो आणि त्याला दूषणे देतो. देवाने त्याआधी जगाचा अंत केला नाही तर हे तीनशे वर्षे चालायचे आहे. देह एक शब्दही बोलत नाही. का बोलत नाही, हे कवी सांगतो : डोके फुटले आहे, हात गळून पडले आहेत, जबडा उघडा पडला आहे, आणि जिभेचे दहा तुकडे झाले आहेत. किड्यांच्या म्होरक्याला तर कवीने नाव दिले आहे, गिफेर, म्हणजे अधाशी. पहिल्या वाचनात ही कविता देहाविरुद्धचे आरोपपत्र वाटते. दुसऱ्या वाचनात वेगळेच काही दिसू लागते. ज्याला जीभ नाही त्याच्याशी आत्मा वाद घालतो आहे. त्याला उत्तर मिळणार नाही हे वाचकाला माहीत आहे. आणि तरीही तो दर आठवड्याला परत येतो, कारण त्याला जाण्यासाठी दुसरे ठिकाण नाही. व्हेर्चेलीच्या प्रतीत पुढे धन्य आत्म्याचेही अपुरे भाषण आहे. तो आपल्या देहापाशी येतो तो सांत्वन करायला, उपवास आणि कष्ट सोसल्याबद्दल त्याचे आभार मानायला, आणि पुन्हा भेटीची आशा द्यायला. दोन्ही भाषणे शेजारी ठेवून वाचावीत. एक्सेटरच्या प्रतीत केवळ शापित आत्माच आहे, आणि फक्त तीच वाचणाऱ्याच्या मनात या कवितेची अर्धी प्रतिमा राहते.

पुढच्या शतकांत देहाला वाचा फुटली. ‘फिलिबर्टचे दर्शन’ या नावाने प्रसिद्ध असलेली लॅटिन कविता शंभराहून अधिक हस्तलिखितांत आढळते, यावरून ती किती वाचली जात होती याची कल्पना यावी. तिच्यात आत्मा देहावर तुटून पडतो आणि देह तिरडीवरून उत्तर देतो : तू मालकीण होतीस, मी दासी, बुद्धी, स्मृती, इच्छा देवाने तुला दिली होती, तुझ्यावाचून मी बोट हलवू शकत नाही, मग पापाचा कर्ता मी कसा? लॅटिनमध्ये ‘आनिमा’ हे स्त्रीलिंगी नाम आहे, म्हणून तिथे मालकीण आहे. मराठीत आत्मा पुल्लिंगी असल्याने भाषांतरात हे नाते बदलते आणि घरातल्या दोन स्त्रियांचे भांडण मालक आणि नोकर यांचे होऊन बसते. वाचकाने हे ध्यानात ठेवलेले बरे. देहाचा युक्तिवाद ऑगस्टीनचाच आहे, आणि आत्म्याला तो पूर्णपणे खोडता येत नाही. शेवटी दोन सैतान येऊन आत्म्यालाच ओढून नेतात.

रूपक शेवटपर्यंत चालवून पाहावे

देह-आत्म्याविषयी रूपकावाचून कोणी फारसे बोलू शकलेले नाही. घर, वस्त्र, तुरुंग, तंबू, घोडा, चाकर, नाव, ग्रंथ अशी ही रूपके असतात. रूपक ओळखले की काम संपले असे मानू नये. ते पुढे चालवावे आणि कवी ते कुठे सोडतो किंवा कुठे वाकवतो हे पाहावे.

वस्त्राचे रूपक घ्या. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात जीर्ण वस्त्रे टाकून माणूस नवी घेतो, तसा देही जीर्ण शरीरे टाकून नवी घेतो. मराठी वाचकाच्या कानात हा श्लोक असतोच, आणि करिंथकरांस दुसऱ्या पत्राच्या पाचव्या अध्यायात पौल तंबू आणि वस्त्र ही रूपके एकत्र आणतो तेव्हा तो आपोआप आठवतो. पण पौलाची ओळ नीट पाहावी. त्याला वस्त्र उतरवायचे नाही. उघडे पडण्याची त्याला धास्ती आहे. आहे त्या वस्त्रावरच आणखी वस्त्र चढावे, मर्त्य ते जीवनाने गिळले जावे, अशी त्याची इच्छा आहे. प्रतिमा एकच, पण एका ठिकाणी वस्त्र बदलले जाते आणि दुसऱ्या ठिकाणी ते राखले जाते. हा फरक श्रेष्ठ-कनिष्ठ ठरवण्यासाठी नोंदवायचा नाही. दोन्ही मजकूर त्यांच्या त्यांच्या जागी नेमके वाचता यावेत, म्हणून नोंदवायचा.

घराचे रूपक शेक्सपिअरच्या 1609 साली छापल्या गेलेल्या सुनीतांपैकी 146 व्या सुनीतात आहे. आत्मा भाडेकरू, देह ढासळता वाडा, भाडेपट्टा थोड्या दिवसांचा, आणि तरी भिंती रंगवण्यावर केवढा खर्च! इथपर्यंत रूपक सरळ आहे. मग घर अचानक चाकर होते, आणि चाकराच्या नुकसानीवर आत्म्याने पोसले जावे असा सल्ला येतो. शेवटी मृत्यू मेल्यावर मरणे उरत नाही असे कवी म्हणतो, पण त्या घराचे किंवा चाकराचे काय झाले हे सांगत नाही. पुनरुत्थानाविषयीचे हे मौन वाचकाने टिपून ठेवावे. त्याचा अर्थ लावण्याची घाई करू नये.

जॉन डनच्या ‘द एक्स्टसी’ या कवितेत, जी त्याच्या मृत्यूनंतर 1633 साली छापली गेली, दोन प्रेमिकांचे आत्मे देहाबाहेर येऊन एकमेकांत मिसळतात आणि मग पुन्हा देहाकडे वळतात. प्रेमाची रहस्ये आत्म्यात वाढतात, पण देह हा त्याचा ग्रंथ आहे, असे कवी म्हणतो. डन पुढे धर्मोपदेशक झाला, आणि ग्रंथातून प्रकट होणाऱ्या देवावर विश्वास ठेवणाऱ्या परंपरेत देहाला ‘ग्रंथ’ म्हणणे ही लहान गोष्ट नव्हे.

सरावासाठी मात्र मी अँड्र्यू मार्व्हेलची ‘आत्मा आणि देह यांचा संवाद’ ही कविता सुचवेन. ती 1681 साली, कवीच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झाली, आणि अवघ्या चव्वेचाळीस ओळींत हा सारा विषय सामावते. आत्मा आरंभ करतो : हाडांच्या खिळ्यांनी मी जखडलो आहे, पायांनी पायबंद आणि हातांनी हातकड्या पडल्या आहेत, डोळ्याने मी आंधळा आहे, कानाच्या नगाऱ्याने बहिरा. इथे थांबून विचारावे : डोळ्याने आंधळा म्हणजे काय? ज्या इंद्रियाने दिसते तेच दिसण्याच्या आड येते, अशी ही तक्रार आहे, आणि प्लेटोला ती पटली असती. मग देह बोलतो, आणि त्याचीही तक्रार तुरुंगाचीच आहे : तू मला ताठ उभे केलेस, त्यामुळे मी स्वतःचाच कडा झालो, कधीही स्वतःवरूनच कोसळेन. दोघेही कैदी असतील तर तुरुंग कोणता, हा प्रश्न कविता विचारत नाही. तो वाचकाच्या मनात उभा राहावा अशी तिची रचना आहे. पुढच्या फेरीत देह आपले आजार मोजतो, आणि ते सारे आत्म्याने लावलेले आहेत : आशेचे पेटके, भीतीचा कंप, प्रेमाची साथ, द्वेषाचे आतले गळू. पाप करण्याइतका सुयोग्य असा मला कोण घडवू शकले असते, आत्म्यावाचून? हा प्रश्न वाचताना ऑगस्टीनचे वाक्य पुन्हा उघडून पाहावे. शेवटचे कडवे इतरांपेक्षा चार ओळींनी मोठे आहे आणि ते देहाचे आहे. वास्तुशिल्पी रानातली हिरवी झाडे तासून चौकोनी करतात, या प्रतिमेवर कविता संपते. इथे देह म्हणजे झाड, आणि आत्मा त्याचे लाकूड करणारा. देवळेही तासलेल्या लाकडांचीच उभी राहतात हे लक्षात घेतले, तर ही तक्रार आहे की कबुली, याचा निर्णय सोपा राहत नाही.

देकार्तचा चष्मा उतरवावा

1641 साली प्रसिद्ध झालेल्या फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्तच्या ‘चिंतनां’नंतर मन आणि शरीर ही दोन वेगळी द्रव्ये आहेत हा विचार इतका रुजला की आपण जुने साहित्यही त्याच चष्म्यातून वाचतो. मन हे विचार करणारे, शरीर हे जागा व्यापणारे. मग दोघांची भेट कुठे होते? बोहेमियाची राजकन्या एलिझाबेथ हिने 1643 साली पत्रातून देकार्तला नेमके हेच विचारले, आणि त्याला समाधानकारक उत्तर देता आले नाही. मध्ययुगीन इटालियन कवी दान्तेच्या किंवा अक्वायनसच्या मजकुरात हा प्रश्न या रूपात नसतो. तिथे आत्मा केवळ विचार करत नाही. तो पचन करतो, वाढवतो, श्वास घेववतो. म्हणून सतराव्या शतकाच्या मध्यापूर्वीचा मजकूर असेल तर ‘आत्मा’च्या जागी ‘मन’ वाचण्याचा मोह टाळावा.

देहदंडाची पाने वाचतानाही अशीच सावधगिरी हवी. ती पाने आहेत, आणि काही खरोखर क्रूर आहेत. त्यांना सौम्य करून दाखवण्याची गरज नाही. पण असिसीचा फ्रान्सिस आपल्या देहाला ‘भाऊ गाढव’ म्हणत असे हे सांगताना, मरणाच्या सुमारास त्याने त्याच भाऊ-देहाविरुद्ध आपण अपराध केल्याचे कबूल केले, ही त्याच्या आरंभीच्या चरित्रांतील नोंदही सांगावी.

टिपण लिहिताना

वाचून झाल्यावर पानभर टिपण लिहावे. त्यात आधी मजकुराचा शब्दसंग्रह, मग तो कोणत्या क्षणी घडतो, मग भाषणांचा क्रम, आणि शेवटी रूपक कुठे वाकते ते नोंदवावे. ‘या कवीच्या मते देह वाईट आहे’ असे वाक्य लेखणीतून उतरू लागले तर थांबावे आणि दोष कोणावर ठेवला आहे तेवढेच लिहावे : शरीरावर, इच्छेवर, की देवाकडे पाठ फिरवलेल्या संपूर्ण माणसावर. अवतरणे मोजकी घ्यावीत, पण ‘मी’ हे सर्वनाम ज्या ओळींत येते त्या सोडू नयेत. आत्मा ‘मी’ म्हणतो तेव्हा त्या ‘मी’मध्ये देह धरला आहे का, हे त्या ओळींतच कळते. आरंभीच्या काळातील ख्रिस्ती लेखक तेर्तुलियन याचे एक छोटे वाक्य टिपणाच्या कडेला लिहून ठेवावे असे मला वाटते : मांस ही तारणाची बिजागरी आहे. लॅटिनमध्ये ‘कारो’ आणि ‘कार्दो’ यांचा नाद जुळतो, मराठीत तो हरवतो. पण दार बिजागरीवरच फिरते हे चित्र कोणत्याही भाषेत टिकते.

पुरेसा सराव झाला की दान्तेची ‘डिव्हाइन कॉमेडी’, म्हणजे नरक, शोधनलोक आणि स्वर्ग या तीन भागांतले त्याचे महाकाव्य, घ्यावी, आणि तीही या एका धाग्याने. नरकाच्या तेराव्या सर्गात आत्महत्या केलेल्यांची झाडे झाली आहेत. शेवटच्या दिवशी तेही आपले देह आणायला जातील, पण त्यांना ते घालता येणार नाहीत. आपणच काढून टाकलेले परत मिळणे न्याय्य नाही, म्हणून ते देह त्यांच्याच काट्यांवर टांगले जातील. शोधनलोकाच्या दुसऱ्या सर्गात दान्ते आपल्या गायक मित्राला, कासेल्लाला, तीन वेळा मिठी मारायला जातो आणि तिन्ही वेळा त्याचे हात रिकामे स्वतःच्या छातीशी येतात. पंचविसाव्या सर्गात आत्म्याला मधल्या काळात हवेचे शरीर कसे मिळते याचे सविस्तर विवेचन आहे. ते कठीण आहे, पहिल्या वाचनात ओलांडले तरी चालेल.

मग स्वर्गाचा चौदावा सर्ग उघडावा. इथे पोहोचलेल्या आत्म्यांना कशाचीच उणीव नाही. ते देवाच्या प्रकाशात आहेत, स्वतःच प्रकाश झाले आहेत. बायबलमधील शहाणा राजा शलमोन समजावतो की देह परत मिळाल्यावर आमचे माणूसपण पूर्ण होईल आणि तेजही वाढेल. तो बोलायचा थांबताच दोन्ही वर्तुळांतले आत्मे इतक्या तत्परतेने ‘आमेन’ म्हणतात की त्यांना आपल्या मृत देहांची ओढ आहे हे लपत नाही. आणि दान्ते पुढे म्हणतो, ती ओढ कदाचित केवळ स्वतःसाठी नसेल. आयांसाठी, वडिलांसाठी आणि ते ज्वाला होण्यापूर्वी जे जे प्रिय होते त्यांच्यासाठी असेल. हा सर्ग वाचताना कासेल्लाची ती रिकामी मिठी आठवावी, आणि मग पहिल्या खुणा केलेल्या कवितेकडे परत जाऊन तिच्यातला आत्मा दर सातव्या रात्री त्या जीभ नसलेल्या देहापाशी का येत असेल, हे पुन्हा एकदा वाचून पाहावे.